पगार जमा झाला, पण कशाचा?

सातारा जिल्ह्यात असं गाव शोधून सापडायचं नाही, जिथला एकही माणूस फौजेत नाही. तरी फौजीचा पगार नेमका कसा बनतो हे नीट सांगणारं माणूस इथे मिळत नाही. आकडा मात्र प्रत्येकाजवळ तयार असतो. घरमालकाजवळ असतो, सोयरिकी जुळवणाऱ्यांजवळ असतो, किराणा दुकानदाराजवळ असतो. मी एका नायकाची बायको आहे. दर महिन्याला बँकेचा मेसेज येतो, रक्कम कळते, पण ती कशाकशाची आहे आणि गेल्या महिन्यापेक्षा कमी किंवा जास्त का आहे, ते कळत नाही.

पगार थोडा आहे अशी माझी तक्रार नाही. शेतमजुरी करणाऱ्या माझ्या आईबापांनी एवढी रक्कम एकत्र कधी पाहिली नव्हती, याची मला जाणीव आहे. माझी तक्रार वेगळी आहे. या पगारातल्या प्रत्येक तुकड्याला वेगळं नाव आहे, वेगळी अट आहे आणि वेगळा कागद आहे. कागद वेळेवर पोचवण्याची जबाबदारी मात्र अशा दोघांवर आहे, ज्यांतला एक जण रेंज नसलेल्या पोस्टवर आहे आणि दुसरी भाड्याच्या दोन खोल्यांत दोन मुलांना सांभाळते आहे. यातली एकेक गोष्ट लहान आहे. एकेकटी सांगितली तर समोरचा म्हणतो, "एवढंच ना!" म्हणून सगळ्या एकत्र सांगते.

आधी पगाराचं गणित. सातव्या वेतन आयोगाचे पगार १ जानेवारी २०१६ पासून लागू झाले. त्यात शिपायाची लेव्हल ३, बेसिक २१,७०० पासून. नायकाची लेव्हल ४, २५,५०० पासून. हवालदाराची लेव्हल ५, २९,२०० पासून. त्यावर मिलिटरी सर्व्हिस पे, म्हणजे एमएसपी, महिना ५,२००. या दोन्हींच्या बेरजेवर महागाई भत्ता. जुलै २०२५ मध्ये तो ५८ टक्के झाला, तोच इथे धरते. आमच्या ह्यांचं बेसिक २७,९०० धरा, त्यात ५,२०० मिळवा, झाले ३३,१००. त्याचे ५८ टक्के म्हणजे १९,१९८. इथपर्यंत शाळेतलं गणित पुरतं. यापुढे घरभाडं, फिल्डचा भत्ता, मुलांच्या शिक्षणाचा भत्ता, वर्दीचा भत्ता सुरू होतो. मग कपाती येतात. एएफपीपी म्हणजे फौजींचा प्रॉव्हिडंट फंड आणि एजीआयएफ म्हणजे ग्रुप इन्शुरन्स दर महिन्याला कापले जातात, आणि मधूनच एखादी रिकव्हरी निघते.

हे सगळं लष्कराच्या हमराज ॲपवरच्या पे स्लिपमध्ये दिसतं. स्लिप इंग्रजीत आहे, आणि इंग्रजी शब्दही पुरे नाहीत, नुसती आद्याक्षरं. बारावी झालेली मी ती आद्याक्षरं वहीत उतरवून ठेवते आणि ह्यांचा फोन आला की विचारते. फोन लागतो तो चार-पाच मिनिटं. त्यात थोरलीला बाबांशी बोलायचं असतं, धाकट्याला नुसता आवाज ऐकायचा असतो, सासूबाईंना तब्येत विचारायची असते. त्या वेळातून पगाराच्या नोंदीचा अर्थ विचारायला मिनिट काढायचं म्हणजे मुलांच्या हातातून फोन ओढून घ्यायचा. प्रत्येक नोंदीसमोर मराठीत किंवा निदान हिंदीत एक ओळ लिहिली असती, तर हे मिनिट मुलांना मिळालं असतं.

आता एमएसपी. लष्करी आयुष्यातल्या हालअपेष्टांची भरपाई म्हणून सहाव्या वेतन आयोगाने हे वेतन आणलं. तेव्हा जवान आणि जेसीओंना (सुभेदारासारख्या ज्युनियर कमिशन्ड ऑफिसरना) २,००० होते, सातव्या आयोगाने ५,२०० केले. अधिकाऱ्यांना १५,५०० आहेत. नव्या शिपायाला जेवढा एमएसपी, तेवढाच पंचवीस वर्षं नोकरी केलेल्या सुभेदार साहेबांना. कालपरवा कमिशन मिळालेल्या लेफ्टनंटला त्याच्या जवळजवळ तिप्पट. जेसीओंचा एमएसपी वाढवावा ही लष्कराची मागणी अर्थ मंत्रालयाने २०१८ मध्ये नाकारली. महागाई भत्ता आणि पेन्शन काढताना एमएसपी पगारात धरतात. घरभाडं काढताना धरत नाहीत, बदलीचं अनुदान काढताना धरत नाहीत, वार्षिक वेतनवाढीला धरत नाहीत. सातारला घरभाडं दहा टक्क्यांनी मिळतं, म्हणजे ५,२०० वर महिना ५२० रुपये आमच्या हातून जातात. गॅसच्या सिलिंडरला आणि वर्तमानपत्राच्या बिलाला घालायला ही रक्कम मला उपयोगी पडली असती. नवरा दूर राहिल्याची भरपाई म्हणून जे वेतन मिळतं, ते तो दूर असल्यामुळे घ्याव्या लागलेल्या घराच्या भाड्यात मोजलं जात नाही. हे मला अन्यायाचं वाटतं.

घरभाड्याचं तर वेगळंच प्रकरण आहे. सरकारने शहरांचे तीन वर्ग केले आहेत. पन्नास लाखांच्या वर वस्ती असेल तर एक्स, पाच ते पन्नास लाखांत वाय, त्याखाली झेड. मोजणी २०११ च्या जनगणनेची. आपल्याकडे मुंबई आणि पुणे एक्समध्ये, नागपूर, नाशिक, सोलापूर, कोल्हापूर, सांगली वगैरे वायमध्ये. सातारा झेडमध्ये. जुलै २०१७ मध्ये हे दर २४, १६ आणि ८ टक्के होते. महागाई भत्ता २५ टक्क्यांवर गेल्यावर २७, १८, ९ झाले, आणि ५० टक्क्यांवर पोचल्यावर, म्हणजे जानेवारी २०२४ पासून, ३०, २०, १० झाले. आमच्या बेसिकवर सातारला २,७९० मिळतात. माझी जाऊबाई कोल्हापुरात राहते, तिचे यजमानही नायकच. त्यांचं बेसिक एवढंच धरलं तर तिला ५,५८० मिळतात. पुण्यात असती तर ८,३७० मिळाले असते.

आमच्या दोन खोल्यांचं भाडं ६,५०० आहे. जाऊबाईंचं भाडं आमच्यापेक्षा फार जास्त नाही. सातारला चांगल्या शाळा आहेत, दवाखाने आहेत, एसटी स्टँड जवळ आहे. जिल्ह्यातल्या फौजींच्या बायका मुलांच्या शिक्षणासाठी गाव सोडून इथेच येतात, त्यामुळे खोल्यांना मागणी आहे. वस्ती पाच लाखांच्या आत आहे म्हणून सातारचा घरमालक भाडं कमी घेत नाही. उलट 'फौजी' हा शब्द ऐकला की डिपॉझिट वाढतं. करार अकरा महिन्यांचा असतो आणि दर करारात भाडं चढतं. भत्त्याचा टक्का २०१७ पासून दोनदाच वाढला. घरमालकाला मी हे सांगून पाहिलं. ते म्हणाले, "ताई, तुम्हाला सरकार देतं ना?" सरकार २,७९० देतं, हे त्यांना पटलं नाही. त्यांना वाटतं मी उरलेले पैसे लपवते.

क्वार्टर मिळाला की हा प्रश्न सुटतो, असं बाहेरच्यांना वाटतं. पीस स्टेशनला, म्हणजे जिथे कुटुंब सोबत ठेवता येतं तिथे, पोस्टिंग झाली, क्वार्टरसाठी नंबर लावला आणि नंबर आला, तर खरंच सोय होते. पण नंबर लगेच येत नाही. लष्कराचे क्वार्टर कमी पडतात हे सरकारलाही ठाऊक आहे. म्हणूनच २००२ च्या सुमारास मॅरिड ॲकोमोडेशन प्रोजेक्ट सुरू करून सुमारे दोन लाख घरं टप्प्याटप्प्याने बांधायचं ठरलं. तरी आमच्यासारख्यांना वाट पाहावी लागतेच, आणि पीसची दोन-अडीच वर्षं वाट पाहण्यात निम्मी सरतात.

त्यातही पैशाची अडचण अशी आहे की खर्च वाढतो त्याच महिन्यात पगार उतरतो. फिल्डमध्ये असताना जो फिल्ड एरिया भत्ता मिळतो, तो १ जुलै २०१७ च्या दराने जवानांना महिना ६,००० होता. मॉडिफाइड फिल्डला, म्हणजे त्याहून थोड्या कमी खडतर भागाला, त्याच्या साठ टक्के, ३,६००. फिल्डवरून पीसला आलं की हा भत्ता बंद. क्वार्टर मिळाला की घरभाडं बंद. दोन्ही नियम मला मान्य आहेत. पण नेमक्या त्याच महिन्यात सामान ट्रकमध्ये भरायचं असतं, दोन मुलांचे दाखले काढून नव्या शाळेत फी भरायची असते, नवे गणवेश घ्यायचे असतात, गॅसचं कनेक्शन बदलायचं असतं. बदलीचं अनुदान मिळतं, पण क्लेम लावून, पावत्या जोडून, तपासणी झाल्यावर. तोवर हातउसने घ्यावे लागतात. फौजीच्या बायकोने उसने मागितले की लोक आश्चर्याने बघतात.

आता पार्ट टू. फौजीच्या घरात हा शब्द माहीत नाही असं कुणी नसेल. लग्न, मुलाचा जन्म, सुट्टी, बदली, कोर्स, पत्त्यातला बदल, काहीही झालं तरी युनिटच्या ऑफिसातून त्याची पार्ट टू ऑर्डर निघावी लागते. ती रेकॉर्ड ऑफिसला आणि पे ऑफिसला पोचून मान्य झाली, की तिथून पुढे पैसे. ऑर्डर निघाली नाही तर पैशाच्या हिशेबात ते लग्न झालेलंच नसतं आणि ते मूल जन्मलेलंच नसतं. ऑर्डर निघाली आणि परत आली, तरी तेच. ती परत आली हे आम्हाला कळवायला कुणी बांधील नाही. काही महिन्यांनी, अजून भत्ता कसा नाही म्हणून विचारायला गेलं, की कळतं.

आमची एक ऑर्डर माझ्या नावावरून परत आली. लग्नानंतर युनिटच्या ऑफिसात माझं नाव टाइप करताना पुढे 'देवी' जोडलं गेलं. आमच्याकडे बाईच्या नावापुढे नवऱ्याचं नाव आणि आडनाव लागतं, देवी लागत नाही. आधारवर नाव वेगळं, मुलीच्या जन्मदाखल्यावर आईचं नाव वेगळं आणि सर्व्हिस रेकॉर्डमध्ये तिसरंच. मग स्टॅम्प पेपर आणला, नोटरी केली, ग्रामपंचायतीचा दाखला काढला, माहेरचा शाळा सोडल्याचा दाखला जोडला. ते सगळं स्पीड पोस्टने युनिटला पाठवलं. तोवर युनिट हललं होतं. पाकीट फिरून आलं, पुन्हा पाठवलं. माझं नाव मी बदललं नव्हतं, तरी ते माझंच आहे हे मलाच शपथेवर लिहून द्यावं लागलं. ज्या माणसाने ते टाइप केलं, त्याला एक ओळसुद्धा लिहावी लागली नाही. आमच्या गल्लीतल्या आणखी दोघींच्या फायलीत अशीच प्रतिज्ञापत्रं आहेत.

मुलांच्या शिक्षणाचा भत्ता जानेवारी २०२४ पासून दर मुलामागे महिना २,८१२ रुपये ५० पैसे आहे, दोन मुलांपर्यंत. चांगला भत्ता आहे, त्याबद्दल मी कृतज्ञ आहे. त्यासाठी मुख्याध्यापकांचा दाखला लागतो. दाखल्यावर कोणतं वर्ष, कोणती इयत्ता, मूल वर्षभर त्याच शाळेत शिकलं का, हे सगळं आलं पाहिजे. आमच्या शाळेचा छापील बोनाफाइड मराठीत आहे आणि त्यात एवढ्या जागाच नाहीत. युनिटने पाठवलेला नमुना शाळेच्या क्लार्कना दाखवला, तर ते म्हणाले, "आम्ही आमच्याच नमुन्यात देतो." दोघंही सरकारी नियमांचंच बोलत होते. दोघांमध्ये उन्हातान्हात हेलपाटे घालायचे मी. देशभरातल्या शाळांना चालेल असा, आपापल्या भाषेत छापलेला एकच नमुना ठरवला तर लाखो आयांचे हेलपाटे वाचतील.

मला सगळ्यात जास्त राग येतो तो रिकव्हरीचा. आमचं येणं असेल तर आम्ही कागद द्यायचा, पुरावा द्यायचा, वाट पाहायची. त्यांचं येणं निघालं तर पुढच्याच महिन्यात कापून घेतात. एका महिन्यात पगार निम्म्याच्या आसपास आला. शाळेची फी, घराचं भाडं, भिशीचा हप्ता सगळं त्याच आठवड्यात होतं. कसली रिकव्हरी ते कळायला पुढचे दोन महिने गेले. मागे कधीतरी भत्ता जास्त गेला होता, तो एका दमात वसूल केला होता. जास्त आलेले पैसे परत घ्यायला माझी ना नाही, ते सरकारचे आहेत. पण आधी एक महिना कळवावं, कारण लिहावं आणि हप्ते पाडावेत. बँकसुद्धा कर्जदाराला नोटीस पाठवते.

मग नातेवाईक. २०१७ मध्ये सियाचिनचा भत्ता जवान आणि जेसीओंसाठी १४,००० वरून ३०,००० झाला आणि अधिकाऱ्यांसाठी २१,००० वरून ४२,५००. बातमी सगळ्या वर्तमानपत्रांत आली. तेव्हापासून फौजीला महिना तीस हजार 'वरचे' मिळतात, असं आमच्या भावकीत पक्कं झालं आहे. तो पैसा हिमनदीवर प्रत्यक्ष असलेल्यांना, तिथे असेपर्यंतच मिळतो. तिथल्या पोस्टवर माणूस साधारण तीन महिने राहतो. उणे तीस-चाळीस अंशांत राहून जी रक्कम मिळते तिच्याकडे बोट दाखवून चुलतसासरे धाकट्या दिराच्या लग्नाचा खर्च मागतात, तेव्हा मला बोलायला शब्द सुचत नाहीत. आणि करसवलत पाहा. भत्ता तीस हजारांवर नेला त्या वेळी प्राप्तिकराच्या नियमात त्यातले महिना ७,००० करमुक्त होते. फिल्ड एरिया भत्त्यातले २,६००. भत्ता दुपटीहून जास्त वाढला, करमुक्त रक्कम तिथेच राहिली. नव्या करपद्धतीत तर ही सूटच नाही. बारा लाखांपर्यंत कर लागत नसल्याने आज जवानाच्या घराला त्याची झळ नाही, पण अधिकाऱ्यांना आहे. भत्ता धोक्याचा आणि हालांचा म्हणून देतात, तर तो मिळकत म्हणून मोजू नये, एवढं साधं मागणं आहे.

आणि चूक त्यांची असली तर ती दुरुस्त व्हायला किती काळ जातो, याचं उदाहरण सगळ्या फौजेला माहीत आहे. १ जानेवारी १९८६ पासून, चौथ्या वेतन आयोगात, कॅप्टन ते ब्रिगेडियरपर्यंत २०० ते १,२०० रुपये रँक पे ठरला. वेतननिश्चिती करताना तेवढीच रक्कम बेसिकमधून वजा केली गेली. मेजर ए. के. धनपालन न्यायालयात गेले, केरळ उच्च न्यायालयाने १९९८ मध्ये त्यांच्या बाजूने निकाल दिला. बाकीच्या अधिकाऱ्यांपर्यंत तो न्याय पोचायला सर्वोच्च न्यायालयाचा ४ सप्टेंबर २०१२ चा आदेश यावा लागला. सव्वीस वर्षं. मेजर साहेबांना इंग्रजी येत होतं, नियम वाचता येत होते, वकील करता येत होता. माझ्या नवऱ्याच्या एका परत आलेल्या पार्ट टूसाठी कोण न्यायालयात जाणार?

धाकटा दीर अग्निवीर झाला, म्हणजे चार वर्षांसाठी फौजेत भरती झाला. त्याचं गणित निदान एका ओळीत लिहिलेलं आहे. पहिल्या वर्षी ३०,०००, त्यातले तीस टक्के सेवानिधीत, हातात २१,०००. चौथ्या वर्षी ४०,०००, हातात २८,०००. चार वर्षांनी सेवानिधीचे सुमारे ११.७१ लाख रुपये. महागाई भत्ता नाही, एमएसपी नाही, आणि जे पुढे कायम होणार नाहीत त्या पंचाहत्तर टक्क्यांना पेन्शन नाही. पगार समजायला सोपा करायचा म्हणून त्यातलं सगळं काढूनच टाकावं, असं मला म्हणायचं नाही. हक्काचं ते सगळं द्यावं, आणि ते समजेल असं लिहावं.

आठवा वेतन आयोग आता बसला आहे. त्याच्या अध्यक्ष न्यायमूर्ती रंजना प्रकाश देसाई आहेत. आयोगापुढे फिटमेंट फॅक्टरच्या (बेसिक कितीपट करायचं त्याच्या), टक्केवारीच्या मागण्या मांडायला मोठमोठी माणसं आहेत. माझ्या मागण्या लहान आहेत. पे स्लिप जवानाच्या भाषेत द्या आणि प्रत्येक नोंदीपुढे कारण लिहा. पार्ट टू परत आली तर त्याच दिवशी फौजीच्या आणि घरच्यांच्या फोनवर मेसेज पाठवा. रिकव्हरीच्या आधी एक महिना नोटीस द्या. घरभाडं काढताना एमएसपी धरा. शहराचा वर्ग ठरवताना नुसती वस्ती न बघता तिथलं खरं भाडंही बघा. रेकॉर्डमध्ये बायकोचं नाव आधार बघून लिहा, आणि चूक ऑफिसची असेल तर प्रतिज्ञापत्रही ऑफिसनेच करावं.

ज्यांच्या घरात फौजी आहे त्या बायांना माझं सांगणं आहे. पे स्लिप दर महिन्याला उघडा, नोंदी वहीत उतरवा, जुन्या स्लिपा जपून ठेवा, आणि समजत नाही ते विचारायला लाजू नका. तो पगार जितका त्यांचा आहे, तितकाच आपलाही आहे.